सातबारा बिनशेती, आराखड्यात मात्र हिरवा पट्टा

प्रश्न : २०११ साली आम्ही पाच गुंठ्यांचा प्लॉट घेतला. मूळ जमीनमालकांनी १९९६ मध्ये जमीन बिनशेती करून तीसेक प्लॉट पाडले होते, त्यातलाच हा एक. आमच्या प्लॉटचा सातबारा वेगळा निघालेला आहे आणि त्यावर अकृषिक वापराची नोंद आहे. पुढे गाव नगरपरिषदेच्या हद्दीत गेलं आणि वाढीव हद्दीचा विकास आराखडा मंजूर झाला. आता घराची परवानगी मागितली, तर ‘सदर जागा मंजूर विकास योजनेनुसार शेती विभागात समाविष्ट असल्याने निवासी वापर अनुज्ञेय नाही’ असं पत्र बारा दिवसांपूर्वी हातात पडलं. तलाठी म्हणतात, सातबारा बिनशेती आहे, तुम्हाला अडवणार कोण? एक एजंट पैसे घेऊन झोन बदलून आणतो म्हणतो. धाकटा भाऊ म्हणतो, सरळ दिवाणी दावा लावू. आमच्या इंजिनिअरने अर्जाला सातबारा, खरेदीखत आणि घराचा नकाशा एवढंच जोडलं होतं. १९९६ च्या आदेशाची आमच्याकडे फक्त झेरॉक्स आहे. खरं कोणाचं, आणि आता करायचं काय?

उत्तर : तलाठी चुकीचं सांगत नाहीत. नगरपरिषदेनेही, तिच्या टेबलावर जेवढे कागद आले तेवढ्यापुरता, चुकीचा निर्णय दिलेला नाही. दोघं वेगवेगळ्या वह्या वाचतायत आणि तुम्ही मध्ये उभे आहात. एजंट आणि भाऊ यांचे मार्ग मात्र दोन्ही चुकीचे आहेत. त्याची कारणं पुढे येतीलच.

सगळ्यात आधी तारीख. महाराष्ट्र प्रादेशिक नियोजन व नगररचना अधिनियम, १९६६ च्या कलम ४५ खाली परवानगी नाकारली, तर आदेश तुम्हाला कळल्यापासून ४० दिवसांत कलम ४७ खाली अपील करता येतं. ते राज्य शासनाकडे, किंवा शासनाने त्यासाठी नेमलेल्या अधिकाऱ्याकडे. बारा दिवस गेले, हातात अठ्ठावीस उरले. पत्र पोस्टाने आलं असेल तर पाकीट जपून ठेवा, ऑनलाइन आलं असेल तर त्या तारखेची पानं छापून घ्या. उशीर माफ होईल या भरवशावर राहू नका. नगरपरिषदेत ‘साहेब बघतो म्हणालेत’ असं ऐकत दोन महिने काढणारे खूप असतात, आणि साहेबांनी खरंच बघितलं तरी तोवर अपिलाची मुदत उलटून गेलेली असते.

हे पत्र म्हणजे खरोखर नकाराचा आदेश आहे का, तेही तपासा. ऑनलाइन प्रणालीत कधी कधी नुसता ‘त्रुटी’ शेरा मारून प्रकरण परत येतं. तो नकार नव्हे, आणि त्यावर अपील चालत नाही. नकाराच्या आदेशात कारण लिहिलंच पाहिजे, असं कलम ४५ मध्येच आहे. तुमच्या पत्रात कारण आहे, म्हणून ते आदेश समजून चालू. कलमाचा उल्लेख किंवा सही-शिक्का नसेल, तर ‘कलम ४५ खालील सकारण आदेश द्यावा’ असा एका ओळीचा अर्ज आजच आवक शाखेत द्या. आणि त्याच्या उत्तराची वाट पाहत अपील अडवून ठेवू नका.

आता दोन वह्यांचं. ‘माझी जमीन कुठल्या प्रकारात मोडते’ हा एकच प्रश्न वाटतो, पण सरकारदरबारी त्याची वेगवेगळी उत्तरं वेगवेगळ्या ठिकाणी नोंदलेली असतात. महसूल खातं जमिनीचा वापर नोंदवतं, शेती की बिनशेती. तेच खातं धारणाप्रकारही नोंदवतं, म्हणजे भोगवटादार वर्ग १ (मालकाला मोकळेपणाने विकता येणारी) की वर्ग २ (विकायला सरकारची परवानगी लागणारी). नगररचना खातं विभाग ठरवतं, ज्याला सगळे झोन म्हणतात : पिवळा म्हणजे निवासी, हिरवा म्हणजे शेती. आणि भूमी अभिलेख खातं ती जमीन नेमकी कुठे आहे, तिची हद्द काय, एवढंच सांगतं. या नोंदी आपोआप एकमेकींशी जुळत नाहीत. सातबारावर ‘अकृषिक’ असलं म्हणून आराखड्यातला हिरवा रंग पुसला जात नाही, आणि आराखड्यात पिवळा आला म्हणून वर्ग २ ची जमीन वर्ग १ होत नाही.

इमारत परवानगी देणारा अधिकारी कलम ४६ प्रमाणे आराखड्याकडे बघायला बांधील असतो. मसुदा आराखडा प्रसिद्ध झालेला असला तर त्याकडेसुद्धा. त्यामुळे ‘सातबारा बिनशेती आहे’ एवढंच घेऊन त्याच्याशी भांडण्यात अर्थ नाही. त्याला दाखवायचं ते वेगळं : हा आराखडा होण्याआधीच इथे सक्षम अधिकाऱ्याने निवासी रेखांकन, म्हणजे प्लॉट आणि रस्ते दाखवणारा ले-आउट, मंजूर केलं होतं, ते जागेवर उतरलं होतं, आणि ते आजही जिवंत आहे. तुमच्या प्रकरणाचा जीव त्या १९९६ च्या आदेशात आहे, आणि नेमका तोच कागद अर्जाला जोडलेला नव्हता.

म्हणून पहिलं काम त्या आदेशाची प्रमाणित प्रत. झेरॉक्सवर जावक क्रमांक आणि तारीख असेल. आदेश कोणी दिला ते बघा : तहसीलदार, प्रांत की जिल्हाधिकारी. त्याच कार्यालयाच्या अभिलेख कक्षात नकलेचा अर्ज करा आणि नुसता आदेश मागू नका. ‘आदेश, सोबतचं मंजूर रेखांकन, सनद आणि संपूर्ण संचिका’ असं मागा. सनद म्हणजे बिनशेती परवानगी तिच्या अटींसह लिहिलेला सरकारी दस्त. ‘संचिका आढळून येत नाही’ असं उत्तर आलं, तर ते लेखी घ्या आणि त्या वर्षाच्या जावक नोंदवहीतल्या त्या क्रमांकाच्या पानाची प्रत मागा. संचिका गहाळ होते, नोंदवही सहसा जागेवर असते. जोडीला माहिती अधिकाराचा अर्जही टाकून ठेवा. दहा रुपये शुल्क आणि उत्तराला ३० दिवस, म्हणजे तुमच्या मुदतीपेक्षा जास्त. म्हणून तो मुख्य मार्ग नव्हे, पाठराखणीचा आहे.

प्रत हातात आली की आदेश पहिल्या ओळीपासून शेवटच्या अटीपर्यंत वाचा. इथे घाई होते आणि इथेच प्रकरणं फसतात. जमिनीचा क्रमांक जुळतो का? १९९६ च्या आदेशात जुना सर्व्हे नंबर असतो, आजच्या सातबारावर गट नंबर, आणि आराखड्याचा मूळ नकाशा तिसऱ्याच क्रमांकावर बेतलेला असू शकतो. एकत्रीकरण योजनेत कुठला सर्व्हे नंबर कुठल्या गटात गेला, याचा उतारा भूमी अभिलेख कार्यालयात मिळतो. तो जोडला नाही तर समोरचा अधिकारी ‘आदेश या जमिनीचा नाही’ म्हणून फाइल बाजूला ठेवतो, आणि त्याला दोष देता येत नाही.

मग क्षेत्र. संपूर्ण गट बिनशेती झाला होता की त्यातला काही भाग? पाच एकरांच्या गटातले दोन एकरच बिनशेती झालेले असतात आणि प्लॉट मात्र पाचही एकरांवर विकले जातात, हे राज्यभर घडलेलं आहे. तुमच्या खरेदीखतातला प्लॉट नंबर शिक्क्याच्या रेखांकनावर सापडला पाहिजे, त्याच जागी आणि त्याच मापाचा. पाच गुंठे म्हणजे सुमारे ५०६ चौरस मीटर. रेखांकनात तुमच्या नंबरचा प्लॉट ३०० चौरस मीटरचा निघाला, किंवा त्या जागी ‘खुली जागा’ लिहिलेलं निघालं, तर वाद झोनचा राहत नाही, विक्रेत्याशी होतो. रेखांकनावर नुसती वास्तुविशारदाची सही आहे आणि मंजुरीचा शिक्का नाही, असंही निघतं. तो नकाशा म्हणजे विक्रीचं पत्रक समजायचं.

मग अटी. त्या काळच्या आदेशांत साधारणपणे एक अट असतेच : आदेशापासून एक वर्षाच्या आत बिनशेती वापर सुरू करावा, नाहीतर परवानगी रद्द समजली जाईल. नगरपरिषदेचा वकील अपिलात हीच अट पुढे करणार, हे धरून तयारी ठेवा. उत्तर कागदांनीच द्यायचं असतं. रस्ते आखून प्लॉट पडले होते याचा पुरावा म्हणजे भूमी अभिलेख खात्याने मोजणी करून काढलेलं कमी-जास्त पत्रक, म्हणजे मूळ जमिनीचे प्लॉट आणि त्यांची क्षेत्रं दाखवणारा तक्ता. तुमच्या प्लॉटचा सातबारा वेगळा झालाय, म्हणजे ते पत्रक निघालेलं असण्याची शक्यता चांगली आहे. त्या सातबाराचा फेरफार, म्हणजे नोंद कशामुळे बदलली ते सांगणारा उतारा, काढा. त्यात कमी-जास्त पत्रकाचा क्रमांक सहसा लिहिलेला असतो. शिवाय बिनशेती आकारणी भरल्याच्या पावत्या, त्याच रेखांकनात इतरांनी बांधलेल्या घरांच्या जुन्या परवानग्या आणि घरपट्टीच्या पावत्या. शेजारच्या चार प्लॉटवर २००० ते २०१० च्या दरम्यान रीतसर घरं झाली असतील, तर ‘रेखांकन कागदावरच राहिलं’ हा मुद्दा टिकत नाही. शेजाऱ्यांकडे जाऊन प्रती मागा. उद्या त्यांना वरचा मजला चढवायचा झाला तर त्यांच्यासमोरही हाच हिरवा रंग येणार आहे, हे सांगितलं की लोक कपाट उघडतात.

ग्रामपंचायतीच्या कागदांबद्दल एक सूचना. नमुना ८ चा उतारा किंवा सरपंचांच्या सहीचा ना-हरकत दाखला मुख्य पुरावा म्हणून पुढे करू नका. नमुना ८ ही कर आकारणीची वही आहे. तिने ना मालकी सिद्ध होते, ना बिनशेती. वापर चालू होता हे दाखवायला जोडकागद म्हणून चालेल, तेवढंच.

आता आराखड्याच्या बाजूने बघू. नगररचना विभागाकडून झोन दाखला आणि भाग नकाशा (आराखड्याच्या नकाशाचा तुमच्या जागेपुरता भाग) दोन्ही घ्या. बरेच जण नुसता दाखला घेऊन येतात. त्यावर एक ओळ असते, ‘गट क्रमांक अमुक, शेती विभाग’. ती ओळ कारकुनाने गट नंबर बघून लिहिलेली असते. भाग नकाशात रेषा दिसते. तुमचा गट मोठा असेल तर त्याचा काही भाग पिवळा आणि काही हिरवा असू शकतो, आणि तीस प्लॉटांपैकी तुमचा कुठल्या बाजूला पडतो हे त्या एका ओळीवरून कळतच नाही.

हे जवळून पाहण्यासारखं आहे. समजा भाग नकाशाचं प्रमाण १:४००० आहे. म्हणजे कागदावरचा एक मिलीमीटर जमिनीवर चार मीटर. झोनची रेषा अर्धा मिलीमीटर जाड असेल तर ती रेषाच दोन मीटर रुंद झाली. पाच गुंठ्यांचा चौकोनी प्लॉट साधारण साडेबावीस मीटर बाजूचा, म्हणजे नकाशावर साडेपाच मिलीमीटर, ज्वारीच्या दाण्यापेक्षा थोडा मोठा. गटाची हद्द उतरवताना पाच मिलीमीटर सरकली की तुमचा जवळजवळ सगळा प्लॉट पिवळ्यातून हिरव्यात जातो. जमिनीवर कोणी काहीच केलेलं नसतं. आराखड्याच्या पायाभूत नकाशावर गटांच्या हद्दी चढवताना जुने, ओढले गेलेले, घड्यांवर फाटलेले गाव नकाशे वापरलेले असतात, तिथे एवढा फरक ही नवलाची गोष्ट नाही.

हा फरक आहे की नाही हे तपासायचा रस्ता म्हणजे सरकारी मोजणी. उप अधीक्षक भूमी अभिलेख कार्यालयात मोजणीचा अर्ज करा, जलद मोजणीचं शुल्क भरा, आणि ‘क’ प्रत, म्हणजे मोजणीचा अधिकृत नकाशा, घ्या. मोजणीच्या वेळी भूकरमापकाला विनंती करून आराखड्यात आणि जागेवर दोन्हीकडे ओळखू येणाऱ्या खुणांपासूनची अंतरं नकाशावर घेववा : ओढ्यावरची मोरी, जुन्या रस्त्यांचा चौक, दोन गावांच्या शिवेवरचा दगड. निदान तीन खुणा हव्यात. मग इंजिनिअरने तीच अंतरं भाग नकाशावर मोजायची. तिन्ही जुळली आणि प्लॉट तरी हिरव्यातच आला, तर नकाशा बरोबर आहे, तो मुद्दा सोडा. तिन्ही अंतरं एकाच दिशेला सारखीच सरकलेली निघाली, तर हद्द चढवताना चूक झाली असं दाखवता येतं. नुसता मोबाइलवरचा उपग्रह नकाशा किंवा महाभूनकाशा या सरकारी संकेतस्थळाचं छापील पान घेऊन जाऊ नका. संदर्भाला ते चांगलं, पुराव्याला कोणी धरत नाही. लगतच्या कब्जेदाराने मोजणीवर हरकत घेतली तर निमताना मोजणी, म्हणजे वरच्या अधिकाऱ्याकडून फेरमोजणी, करावी लागते आणि वेळ जातो, म्हणून शेजाऱ्यांना नोटीस पोचायच्या आधीच भेटून घ्या.

रेषा प्लॉटमधूनच जात असेल तर दोन्ही बाजूंचं क्षेत्र ‘क’ प्रतीवर वेगवेगळं काढून घ्या. घर पिवळ्या भागात बसत असेल तर नकाशा तसा बदलून नव्याने अर्ज करणं हे अपिलापेक्षा स्वस्त आणि जलद. नकाशाचा अर्थ लावण्याचे काही अधिकार एकत्रीकृत विकास नियंत्रण व प्रोत्साहन नियमावलीत प्राधिकरणाला आहेत. तुमच्या बाबतीत ते वापरावेत असा स्पष्ट अर्ज करा आणि लेखी उत्तर घ्या. ही नियमावली, म्हणजे सगळे ज्याला यूडीसीपीआर म्हणतात ती, ३ डिसेंबर २०२० पासून राज्यातल्या बहुतेक शहरांना आणि प्रादेशिक योजनेच्या क्षेत्राला लागू आहे. बृहन्मुंबई, एमआयडीसीची क्षेत्रं आणि गिरिस्थान नगरपरिषदा यांसारखे काही अपवाद आहेत. तुमची नगरपरिषद अपवादात नाही ना, हे आधी बघा.

यानंतर एक कागद, जो जवळजवळ कोणीच वाचत नाही : विकास आराखडा मंजूर केल्याची शासनाची राजपत्रातली अधिसूचना, तिच्या टिपा आणि परिशिष्टांसकट. आराखडा येण्याआधी कायदेशीरपणे मंजूर झालेली रेखांकनं आणि बिनशेती परवानग्या कशा धरायच्या, याबद्दल अनेक अधिसूचनांत टीप असते. अशा जागा निवासी विभागात असल्याचं मानावं, असा तिचा आशय असतो. तुमच्या शहराच्या अधिसूचनेत ती टीप असेल, तर तुमचं अपील त्या एका परिच्छेदावर उभं राहतं. त्याचा पान क्रमांक अपिलाच्या पहिल्याच पानावर द्या. टीप नसेल तर प्रकरण जड आहे, पण संपलेलं नाही : मंजूर रेखांकन आराखडा करताना नोंदवायचं राहून गेलं, ही चूक दुरुस्त करायची मागणी मग कलम ३७ खाली करावी लागते.

कलम ३७ म्हणजे एजंट ज्याला ‘झोन बदलून आणतो’ म्हणतोय ते. ते कसं होतं ते वाचा आणि मग तो मागतोय त्या पैशांचा विचार करा. नगरपरिषदेच्या सर्वसाधारण सभेत ठराव व्हावा लागतो. मग राजपत्रात जाहीर सूचना, महिनाभर हरकती आणि सूचना, हरकतदारांची सुनावणी, आणि मग प्रस्ताव शासनाकडे. अंतिम मंजुरी शासनाची. बदल किरकोळ असला पाहिजे, आराखड्याचं मूळ स्वरूप बदलणारा नको. यातला एकही टप्पा कोणा एजंटच्या हातात नाही, आणि एकाही टप्प्याची तारीख कोणी तुम्हाला बांधून देऊ शकत नाही. त्याच्याकडून तुम्हाला मिळेल तो फार तर दुरुस्त केलेला झोन दाखला, आणि दाखला बदलल्याने आराखडा बदलत नाही. पुढच्या छाननीत तो पकडला जातो आणि मग खोटा दस्त वापरल्याचं प्रकरण तुमच्या नावावर. त्याने कार्यालयातल्या कोणाच्या नावाने पैसे मागितले असतील, तर लाचलुचपत प्रतिबंधक विभागाचा क्रमांक १०६४ आहे.

मागणी करायचीच झाली तर एकट्याने करू नका. एका पाच गुंठ्यांच्या प्लॉटसाठी सभा ठराव करत नाही. तीस प्लॉटधारकांनी मिळून, १९९६ चं रेखांकन पुढे ठेवून, ‘मंजूर रेखांकनाचं संपूर्ण क्षेत्र निवासी विभागात दाखवावं’ असा अर्ज दिला, तर त्याला वजन येतं आणि तो एका माणसाला दिलेली सवलतही ठरत नाही.

भावाच्या दिवाणी दाव्याचं उत्तर छोटं आहे. याच अधिनियमाच्या कलम १४९ मुळे नियोजन प्राधिकरणाच्या आदेशांवर दिवाणी न्यायालयात दावा चालत नाही. हरकत पहिल्याच तारखांत येते, दाव्याचा खर्च जातो आणि तोवर ४० दिवस संपलेले असतात. अपिलाचा निकाल विरुद्ध गेला तर पुढे उच्च न्यायालयात रिट याचिकेचा मार्ग आहे, आणि तिथे पहिला प्रश्न हाच विचारतात की कायद्यातलं अपील केलं होतं का.

दुसरा एक सल्ला तुम्हाला मिळालाच असेल, नसेल तर मिळेल : ६० दिवसांत उत्तर आलं नाही तर परवानगी मिळालीच समजायची. मानीव परवानगीची ही तरतूद कलम ४५ मध्ये आहे खरी, पण ती नियमांत पूर्ण बसणाऱ्या बांधकामालाच लागू होते, आणि मध्ये प्राधिकरणाने माहिती मागवली तर मुदत तुमच्या उत्तरापासून मोजतात. हिरव्या विभागातल्या घराला ती लागू होत नाही. तिच्या भरवशावर जोतं घातलं की बांधकाम अनधिकृत ठरतं.

तसंच आरक्षण आणि विभाग यांची गल्लत करू नका. बागेचं, शाळेचं किंवा रस्त्याचं आरक्षण असतं, त्याला कलम १२७ लागतं : आराखडा अंमलात येऊन दहा वर्षं झाली, जमीन संपादित झाली नाही, मालकाने नोटीस दिली आणि त्यानंतर २४ महिन्यांतही हालचाल झाली नाही, तर आरक्षण व्यपगत होतं, म्हणजे आपोआप संपतं. हिरवा पट्टा हे आरक्षण नव्हे. तो दहा काय, वीस वर्षांनीही आपोआप उडत नाही. तो बदलतो तो फेरबदलाने, नाहीतर वीस वर्षांतून एकदा तरी होणाऱ्या आराखड्याच्या सुधारणेत. सुधारित मसुदा प्रसिद्ध झाला की दिलेल्या मुदतीत हरकत नोंदवायची, ती संधी सोडायची नाही. मागच्या वेळी तुमच्या रेखांकनातल्या तीस जणांपैकी एकानेही हरकत घेतली नसावी असं दिसतं, त्याचीच ही किंमत आहे.

मग अपील. कलम ४७ च्या अपिलात आराखडा बदलून मिळत नाही. अपील अधिकारी एवढंच बघतो की आहे त्या आराखड्याप्रमाणे आणि नियमांप्रमाणे नकार बरोबर होता का. म्हणून ‘आमच्यावर अन्याय झाला, झोन बदलून द्या’ अशी मागणी लिहिली की अपील तिथेच पडतं. मागणी अशी लिहा : ‘दिनांक अमुकचा नकाराचा आदेश १९९६ चा अकृषिक आदेश व मंजूर रेखांकन विचारात न घेता दिलेला असल्याने तो रद्द करावा, आणि सदर कागदपत्रे व मंजुरीच्या अधिसूचनेतील टीप विचारात घेऊन अर्जावर नव्याने निर्णय घेण्याचे निर्देश द्यावेत.’ सोबत नकाराचा आदेश आणि तो मिळाल्याचा पुरावा, मूळ अर्ज नकाशासह, १९९६ चा आदेश, रेखांकन, सनद, कमी-जास्त पत्रक, फेरफार, आकारणीच्या पावत्या, झोन दाखला, भाग नकाशा, ‘क’ प्रत आणि अधिसूचनेचं ते पान. सातबारा डिजिटल सहीचा लावा, पंधरा रुपयांत मिळतो. तीसाव्या दिवसापर्यंत मोजणी किंवा नक्कल हातात आली नाही, तर थांबू नका. आहे त्यावर अपील दाखल करा, कशासाठी अर्ज केलाय त्याच्या पोचपावत्या जोडा आणि ‘उर्वरित कागद सुनावणीत सादर करू’ असं लिहा.

अपील चालू असतानाच नगरपरिषदेकडे नव्याने अर्ज करायला हरकत नाही, या वेळी सगळे कागद जोडून. अधिकाऱ्यालाही आपलाच नकार मागे घेण्यापेक्षा नव्या कागदांवर नवा निर्णय देणं सोपं जातं. बहुतेक अशी प्रकरणं तिथेच सुटतात आणि अपील मागे घेतलं जातं.

आदेश खोटा निघाला, किंवा तुमचा प्लॉट मंजूर रेखांकनाबाहेरचा निघाला, तर चित्र पालटतं. मग ती शेतजमीनच राहते आणि पाच गुंठ्यांच्या खरेदीवर १९४७ च्या तुकडेबंदी कायद्याचा (शेतजमिनीचे फार छोटे तुकडे विकायला मनाई करणाऱ्या) प्रश्न उभा राहतो. शेती विभागात शेतघराची वाट असते, पण त्याला किमान ०.४ हेक्टर, म्हणजे चाळीस आर जमीन लागते (एक आर म्हणजे साधारण एक गुंठा). तुमच्याकडे पाच आरच आहेत. तेव्हा २००१ च्या गुंठेवारी अधिनियमाखाली (परवानगीशिवाय पाडलेल्या छोट्या प्लॉटांसाठीचा कायदा) नियमितीकरण होतं का हे बघावं लागेल. २०२१ च्या दुरुस्तीनंतर ३१ डिसेंबर २०२० पर्यंतचे गुंठेवारी प्लॉट त्यात घेता येतात. पण ते शुल्क, ती छाननी आणि ती फाइल पूर्ण वेगळी. आणि खरेदीखतात विक्रेत्याने ‘बिनशेती मंजूर प्लॉट’ असं लिहून दिलं असेल, तर वकिलाला ते वाक्य दाखवा.

हिरवा पट्टा का पडला, हेही एकदा विचारून घ्या. रेखांकनाशेजारी नदी किंवा मोठा ओढा असेल, तर कारण पूररेषा असू शकतं : निळी रेषा पंचवीस वर्षांत एकदा येणाऱ्या पुराची, लाल शंभर वर्षांतल्या पुराची. प्लॉट निळ्या रेषेच्या आत असेल, तर १९९६ चा आदेश कितीही खरा असला तरी घराची परवानगी मिळणं अवघड. तेव्हा मोजणी, अपील आणि वकिलावर खर्च करण्याआधी जलसंपदा विभागाच्या पूररेषेच्या नकाशावर नजर टाका. तसंच सातबाराच्या ‘इतर हक्क’ रकान्यात खाजगी वन, पुनर्वसनासाठी राखीव, किंवा कूळकायदा कलम ४३ (कुळाला मिळालेल्या जमिनीच्या विक्रीवरचं बंधन) अशी एखादी ओळ नाही ना, ते पाहा. तुमच्या पत्रात याचा उल्लेख नाही, पण लोक सातबाराचा तो रकाना वाचतच नाहीत.

तुमच्या उलट स्थितीतल्या वाचकांसाठी एवढंच : आराखड्यात पिवळा आणि सातबारावर शेती असेल, तर तुमची गोष्ट पुष्कळ सोपी आहे. महसूल संहितेत २०१७ साली आलेल्या कलम ४२ब पासून अशा जमिनींना वेगळ्या बिनशेती परवानगीच्या खेपा घालाव्या लागेनाशा झाल्या, आणि गावठाणाच्या हद्दीपासून २०० मीटरच्या आतल्या जमिनींसाठी कलम ४२ड आलं. पैसे किती आणि कसे भरायचे हे नियम त्यानंतर वारंवार बदलले आहेत, म्हणून अर्जाच्या दिवशी लागू असलेला शासन निर्णय हातात घेऊनच तहसील गाठा. जमीन वर्ग २ ची असेल तर आधी ते सोडवा, बाकी सगळं नंतर.

तुमच्यासाठी या आठवड्याची कामं : सोमवारी अभिलेख कक्षात नकलेचा अर्ज, त्याच दिवशी मोजणीचा अर्ज, मंगळवारी नगररचनेत भाग नकाशा, आणि दरम्यान इंजिनिअरला अधिसूचना शोधायला सांगा. प्रत्येक अर्जाची दुसरी प्रत न्या आणि तिच्यावर आवक क्रमांक, तारीख आणि गोल शिक्का तिन्ही घ्या. नुसती सही घेऊन परत येऊ नका.